रक्ताचा सिद्धान्त आणि डोळ्यांची साक्ष

१

काही लेखक असे असतात की, त्यांचे नाव घेण्यापूर्वी टीकाकाराला घसा खाकरावा लागतो. फ्रान्सचा काउंट आर्तुर द गोबिनो हा त्यांपैकी एक. हुद्द्याने तो परराष्ट्रवकील. तेहरान, अथेन्स, रिओ आणि स्टॉकहोम अशा चार राजधान्यांत त्याने फ्रान्सची वकिलात सांभाळली. मिजाशीने तो सरदार. आणि लेखणीने? तेथेच सारा घोटाळा आहे. 'मानववंशांच्या विषमतेवरील निबंध' हा चार खंडांचा ग्रंथ लिहून त्याने पुढच्या शंभर वर्षांतील वंशाभिमान्यांना शास्त्राचा अंगरखा शिवून दिला. त्याच लेखणीने पुढे आशियातील माणसांच्या सहा कथाही लिहिल्या; आणि त्या वाचताना आपण कोणत्या वंशाच्या माणसाची गोष्ट वाचतो आहोत, याचा वाचकाला विसर पडतो.

अशा लेखकाचे करायचे काय? त्याला वाळीत टाकावे, हा एक मार्ग. कथा तेवढ्या निवडून घ्याव्यात आणि ग्रंथाकडे काणाडोळा करावा, हा दुसरा. 'कलेसाठी कला की जीवनासाठी कला' या आपल्याकडच्या फडके-खांडेकरांच्या जुन्या वादाची ज्यांना अजून गोडी आहे, त्यांना तर गोबिनो म्हणजे आयतेच उदाहरण. परंतु मला हे दोन्ही मार्ग सोयीचे वाटतात, खरे वाटत नाहीत. गोबिनोचा सर्वांत कडक टीकाकार शोधू गेल्यास तो गोबिनोच्याच कथांत सापडतो, असे माझे मत आहे. ते पटवून देण्यासाठी आधी या माणसाचे आयुष्य थोडे उलगडले पाहिजे.

२

गोबिनोचा जन्म १८१६ सालचा, पॅरिसजवळच्या व्हिल-दाव्रे या गावचा. तारीख मात्र मोठी खट्याळ : १४ जुलै. सत्तावीस वर्षांपूर्वी याच दिवशी बॅस्तिलचा तुरुंग फुटला होता आणि राजेशाहीच्या पायाखालची वाळू सरकली होती. जन्मभर ज्या क्रांतीला याने शिव्याशाप दिले, तिचाच वाढदिवस याच्या वाट्याला यावा! बाप राजनिष्ठ लष्करी अधिकारी. नेपोलियनच्या अमदानीत राजपक्षाच्या कैद्यांना पळून जाण्यास मदत केली म्हणून तुरुंगवास भोगलेला. राजे परत आले, पण या निष्ठेचे मोल काही पदरात पडले नाही. आईची कहाणी त्याहून बिकट. मुलांच्या शिक्षकाबरोबर तिने घर सोडले आणि मुलांना घेऊन ती बाडेन, स्वित्झर्लंड अशी फिरत राहिली. बील या स्विस गावच्या शाळेत आर्तुर जर्मन शिकला आणि पौर्वात्य भाषांचे वेडही त्याला तेथेच लागले. लोक ज्याला घराणे म्हणतात, त्याच्या भिंती या मुलाच्या डोळ्यांदेखत ढासळल्या होत्या. पुढे आयुष्यभर तो घराण्याविषयी इतक्या तारस्वरात का बोलत राहिला, याचे निदान अर्धे उत्तर येथे मिळते.

बापाची इच्छा मुलाने लष्करात जावे अशी. लष्करी शाळेची परीक्षा काही साधली नाही. १८३५ साली खिशात फारसे काही नसताना हा पॅरिसला आला. चुलत्याची थोडीफार मदत होती. तरी पोटासाठी गॅसच्या दिव्यांच्या कंपनीत आणि मग पोस्टात कारकुनी करावी लागली. रात्री लेख लिहावेत, वर्तमानपत्रांसाठी क्रमशः कादंबऱ्या पाडाव्यात, दिवसा खर्डेघाशी करावी, आणि मनात मात्र आपण कोणी थोर कुळातले अज्ञातवासी राजपुत्र आहोत असे समजावे. अशी ती वर्षे गेली. १८४६ साली त्याने क्लेमांस मोनरो हिच्याशी लग्न केले. ती फ्रेंचांच्या मार्तिनिक बेटावरच्या घराण्यातली.

याच काळात, १८४३ साली, त्याच्या आयुष्यात एक मोठा माणूस आला : 'अमेरिकेतील लोकशाही' या ग्रंथाचा कर्ता अलेक्सी द टोकव्हिल. टोकव्हिलही सरदार, तोही नॉर्मंडीच्या खानदानी घराण्यातला. पण क्रांतीने आपल्या वर्गाचे जे व्हायचे ते केले, आता समतेच्या युगात माणसाचे स्वातंत्र्य कसे टिकवायचे याचा विचार करू, असे म्हणणारा. १८४९ च्या जूनमध्ये टोकव्हिल परराष्ट्रमंत्री झाला आणि त्याने या होतकरू तरुणाला आपल्या कचेरीचा प्रमुख नेमले. मंत्रिपद अवघे पाच महिने टिकले, पण गोबिनोच्या आयुष्याची गाडी रुळावर आली. बर्न, हॅनोव्हर, फ्रांकफुर्ट अशा वकिलातींत तो चिटणीस म्हणून फिरू लागला. काउंट ही पदवी त्याच्या नावामागे चढली तीही याच सुमारास, १८५५ साली चुलता वारल्यावर. आणि ती त्याने स्वतःच चढवून घेतली होती. घराणे मूळचे बोर्दोचे, कायद्याच्या हुद्द्यांवर राहिलेले. सरदारकीचा डौल होता, तिचा कागद नव्हता.

३

या छोट्या राजधान्यांत वेळ भरपूर आणि काम बेताचे. त्या फावल्या वेळात, १८५३ ते १८५५ या वर्षांत, गोबिनोचा तो कुप्रसिद्ध ग्रंथ बाहेर पडला. हॅनोव्हरचा राजा पाचवा जॉर्ज याला तो अर्पण केला आहे.

ग्रंथाचा प्रश्न मुळात वाईट नाही. संस्कृती लयाला का जातात? बॅबिलोन गेले, रोम गेले. काय किडले म्हणून गेले? पूर्वीच्या विचारवंतांनी चैन, अधर्म, वाईट राज्यकारभार अशी कारणे सांगितली होती. गोबिनोने ती सारी झटकून एकच कारण पुढे ठेवले : रक्त. पांढरा, पिवळा आणि काळा असे तीन वंश. त्यांत पांढरा श्रेष्ठ, पांढऱ्यांत आर्य श्रेष्ठ. आर्य जेथे गेले तेथे संस्कृती उभी राहिली. ते जितांच्या रक्तात मिसळले तसतशी ती खचली. हिंदुस्थानलाही या पटावर जागा आहे. जातिव्यवस्था म्हणजे आर्यरक्त राखण्यासाठी बांधलेला कोट, असे म्हणून त्याने तिची वाखाणणी केली, आणि त्या कोटाला आव्हान देणाऱ्या बौद्ध धर्माला बोल लावला.

या सिद्धान्ताला पुरावा असा नाहीच. आहे ती केवळ आवेशाची ओघवती भाषा. शिवाय तो आपल्याच पायात पाय अडकवून पडतो. कला कोठून येते, या प्रश्नाचे गोबिनोचे उत्तर असे की, पांढऱ्या वंशाचा काळ्या वंशाशी संकर झाला म्हणजे. पांढऱ्या वंशाने आपली वस्ती सोडून इतरांशी मिसळावे, तेव्हा महान संस्कृती निर्माण होतात. आणि मिसळले म्हणून त्या मरतात. म्हणजे ज्याने जन्म दिला त्याच्यावरच खुनाचा आरोप! एखाद्या वकिलाने कोर्टात असा खटला मांडला असता, तर न्यायाधीशाने त्याला सामोपचाराने घरी पाठविले असते.

टोकव्हिलने ग्रंथ वाचला आणि उत्तर लिहिले. मित्राच्या विद्वत्तेचे कौतुक करून त्याने स्पष्ट सांगितले की, हा सिद्धान्त बहुधा खोटा आहे आणि घातक तर नक्कीच आहे. आळसात किंवा गुलामीत पडलेल्या लोकांना 'तुमच्या रक्तातच उन्नती नाही' असे सांगून काय साधणार? सीझरला सवड मिळाली असती, तर ब्रिटनमधल्या तत्कालीन रानटी लोकांविषयी त्यानेही असेच सिद्ध करून दाखविले असते, अशा आशयाची कोपरखळीही त्याने मारली. पुढच्या एका पत्रात त्याने आणखी एक भाकित केले : हे पुस्तक फ्रान्समध्ये चालणार नाही, पण ते परदेशातून, विशेषतः जर्मनीतून, फिरून परत येईल. १८५९ साली टोकव्हिल वारला तोपर्यंत ही मैत्री आणि हा वाद दोन्ही अभंग राहिली. मतभेद किती खोल असावा आणि भाषा किती सभ्य असावी, याचा तो पत्रव्यवहार म्हणजे धडाच आहे. आणि त्यातला मोठा माणूस कोण, याविषयी वाचकाच्या मनात शंका राहत नाही.

४

ग्रंथाचे शेवटचे खंड छापून होत होते त्याच वर्षी, १८५५ मध्ये, गोबिनोची तेहरानला नेमणूक झाली. पत्नी आणि लहान मुलगी यांना घेऊन तो इजिप्त, तांबडा समुद्र, जेद्दा, एडन, मस्कत करीत बुशहरला उतरला, आणि तेथून शिराझ, पर्सेपोलिस, इस्फहान या वाटेने राजधानीत पोहोचला. १८५८ पर्यंतचा हा मुक्काम, आणि १८६१ च्या नेमणुकीनंतर वकील म्हणून झालेला दुसरा, ही त्याच्या आयुष्यातील सुखाची वर्षे होत. 'आशियातील तीन वर्षे' हे त्याचे १८५९ चे प्रवासवर्णन वाचावे. निबंधातील करडा पंतोजी येथे एकाएकी गप्प होतो आणि एक कुतूहलाने भरलेला, गप्पिष्ट, चौकस माणूस आपल्याशी बोलू लागतो. फारसी तो आधीच शिकला होता. आता मुल्ला, दरवेशी, ज्यू पंडित, सूफी यांच्या बैठकींत तो तासन्‌तास बसू लागला. देकार्तचा 'पद्धतीविषयीचे प्रवचन' हा ग्रंथ इराणी विद्वानांना कळावा म्हणून त्याने त्याचे फारसी भाषांतर करविले. ज्यांच्या रक्तातले तेज विझले असे नुकतेच छापून झाले होते, त्यांच्यापुढे युरोपच्या बुद्धिवादाचा हा मूलग्रंथ त्याने चर्चेसाठी ठेवावा, यातली विसंगती त्याला जाणवली होती की नाही, कोण जाणे.

या सहवासाचे फळ म्हणजे १८६५ चा 'मध्य आशियातील धर्म आणि तत्त्वज्ञाने' हा ग्रंथ. बाब या तरुण धर्मसंस्थापकाचा उदय, १८५० साली तब्रीझमध्ये त्याला गोळ्या घालून झालेला वध, १८५२ मध्ये त्याच्या अनुयायांची झालेली कत्तल, हे सारे गोबिनोने त्यात विस्ताराने आणि मनापासूनच्या हळव्या आदराने सांगितले आहे. केंब्रिजचा थोर फारसी पंडित एडवर्ड ब्राउन या विषयाकडे ओढला गेला तो हेच पुस्तक वाचून. याच बाबी चळवळीतून पुढे बहाई धर्म निघाला. आपल्या पाचगणीची न्यू एरा ही शाळा १८४५ नव्हे, अलीकडे १९४५ मध्ये त्याच बहाईंनी काढलेली. त्याच ग्रंथात मोहरममध्ये करबलाच्या प्रसंगावर होणाऱ्या 'ताज़िया' या इराणी शोकनाट्याची अनेक प्रकरणे आहेत. आपल्या गावोगावी निघणारे ताबूत ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना त्या शोकाचा ठेका ओळखीचा वाटेल. गोबिनोने या नाट्याची तुलना थेट ग्रीक शोकांतिकेशी केली. मॅथ्यू आर्नल्डने १८७१ साली इंग्रजी वाचकांना या नाट्याची ओळख करून दिली, ती याच ग्रंथाच्या आधारे.

पण याच इराणने त्याची दुसरी बाजूही उघडी पाडली. क्यूनिफॉर्म, म्हणजे खिळ्यांच्या आकाराच्या लिपीतील प्राचीन शिलालेख वाचण्याचे काम त्या काळी ऐन रंगात होते. मुंबईच्या लष्करातून पुढे आलेल्या हेन्री रॉलिन्सनने बेहिस्तूनचा कडा सर करून त्यावरचा लेख उलगडला होता. १८५७ साली तर चार पंडितांनी एकाच लेखाची स्वतंत्र भाषांतरे बंद लिफाफ्यांत लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीकडे धाडली आणि ती एकमेकांशी जुळली. वाचन खरे ठरल्याची याहून चांगली खूण कोणती? गोबिनोला मात्र ती मान्य नव्हती. हे लेख म्हणजे ताईत आणि मंत्रतंत्र आहेत, असे ठरवून त्याने आपली वेगळीच वाचनपद्धती काढली आणि १८६४ साली तिच्यावर दोन खंड लिहिले. पंडितांनी ते हसून बाजूला ठेवले. माणूस समोर असला की गोबिनोला दिसे. समोर केवळ सिद्धान्त असला की त्याला काही दिसत नसे. त्याच्या साऱ्या वाङ्मयाची किल्ली मला या एका वाक्यात सापडते.

५

आता कथांकडे वळू. 'आशियाई कथा' हा संग्रह १८७६ चा, म्हणजे इराण सोडून बारा-तेरा वर्षे झाल्यानंतरचा, स्टॉकहोमच्या थंडीत पूर्ण झालेला. याची प्रस्तावना प्रथम वाचावी. तेथे सिद्धान्ती गोबिनो दारावर उभा आहे. माणूस सगळीकडे सारखाच, असे नीतिवादी म्हणतात ते चूक, आशियातला माणूस निराळा आहे, तोच मी दाखवितो, असे तो बजावतो. मॉरिएरच्या 'हाजी बाबा'ची आठवणही काढतो. मॉरिएरही परराष्ट्रखात्यातला, पण त्याने इराण्यांकडे वरून पाहिले, मी तसे पाहणार नाही, हा भाव त्यात आहे. दरवानाचा हा पुकारा ऐकून आपण आत शिरतो आणि पाहतो तो आत निराळेच चालले आहे.

'तुर्कमानांची लढाई' ही माझ्या मते संग्रहातील सर्वांत सरस कथा. सांगणारा गुलाम हुसेन हा खेड्यातला साधा पोरगा. लैला नावाच्या चुलत बहिणीवर त्याचे मन जडलेले. नशिबाच्या फेऱ्यात सापडून तो शिपाई होतो. पलटणीत पगार आहे, पण तो शिपायाच्या हातात येत नाही. शिधा आहे, तो वाटेतच विकला जातो. वरचा खालच्याला खातो आणि खालचा त्याच्याही खालच्याला. अशी उपाशी, फाटकी फौज तुर्कमानांवर चालून जाते आणि व्हायचे ते होते. आमचा नायक गुलाम म्हणून धरला जातो. हे सारे तो कसे सांगतो? रडत नाही, चिडत नाही, जणू जगाची रीतच ही. त्या भाबड्या स्वरातून उपरोध असा झिरपतो की हसता हसता वाचकाच्या घशात घास अडकावा. १८६० साली मर्व्हवर गेलेली इराणी फौज खरोखरच अशी बुडाली होती आणि हजारो शिपाई गुलामांच्या बाजारात विकले गेले होते. गोबिनोला ती वार्ता ताजी ताजी कळली असणार.

आता हीच कथा निबंधाच्या शेजारी ठेवून पाहा. निबंध म्हणतो, राष्ट्रे रक्त बिघडल्याने खचतात. कथा म्हणते, ती शिपायाचा पगार चोरल्याने खचतात. कथेत गुलाम हुसेनच्या रक्ताचा प्रश्न कोठे येतच नाही. त्याला वेळेवर पगार आणि चांगला अधिकारी मिळता तर त्याची पलटण लढली असती, हे कोणताही वाचक सांगेल. वाईट राज्यकारभाराचे जे कारण ग्रंथकाराने वीस वर्षांपूर्वी दारातून हाकलले होते, ते कथाकाराने खिडकीतून आत घेतले.

'गंबर अली' या कथेतही हेच. शिराझच्या एका चिताऱ्याचा हा मुलगा. देखणा, वाचाळ, भित्रा आणि तितकाच नशीबवान. सुभेदाराच्या चाकरीत शिरून तो लाचलुचपतीच्या शिडीने चढतो आणि घसरतो. त्याच्या लबाडीचे मूळ त्याच्या वंशात नाही. ज्या हवेलीत द्वारपालापासून सुभेदारापर्यंत प्रत्येक जण वरकमाईवर जगतो, तेथे वाढलेला पोरगा दुसरे काय शिकणार? आपल्याकडच्या उत्तर पेशवाईतील फडाची कागदपत्रे वाचलेल्या माणसाला ही हवेली परकी वाटणार नाही.

'कंदाहारचे प्रेमिक' ही कथा निराळी आहे आणि मला तीत जागोजाग दोन गोबिनोंची झटापट दिसते. मोहसीन आणि जमीला ही वैर असलेल्या दोन भावकींतली मुले. सूड घ्यायला निघालेला मोहसीन जमीलेला पाहतो आणि सारे विसरतो. पुढे पळून जाणे, आसरा शोधणे, आणि शेवटी दोघांनी बरोबरच मृत्यूला सामोरे जाणे. मोहसीनच्या शुद्ध अफगाण रक्ताचे कौतुक करताना सिद्धान्ती मध्येच डोकावतो, आणि त्या ओळी खोट्या नाण्यासारख्या बद्द वाजतात. कारण कथेची घटनाच उलट साक्ष देते : या दोन जिवांना मारले ते कुळाच्या अभिमानाने. रक्ताचा जो अहंकार लेखकाला पूज्य, तोच कथेतला खुनी आहे.

या कथांतील सारेच उत्तम आहे असे मात्र नाही. 'आशियाई माणूस असाच असतो' हे पालुपद तो अधूनमधून लावतो, आणि प्रत्येक वेळी पात्र क्षणभर माणसाचे बाहुले होते. दुःख पाहताना त्याची नजर कधीकधी बाल्कनीतल्या प्रेक्षकाची असते. म्हणूनच तुर्कमानांची कथा सर्वांत सरस. तेथे बोलणारा गुलाम हुसेन आहे आणि काउंटसाहेबांना मध्ये तोंड घालायला जागाच नाही.

६

इराणनंतरची कारकीर्द थोडक्यात सांगता येईल. १८६४ ते १८६८ अथेन्स. मग रिओ, जेथे बादशहा दुसरा पेद्रो याची मैत्री तेवढी त्याला सुखाची वाटली, बाकी सारा देश संकराने बिघडलेला दिसला. १८७०-७१ च्या युद्धात प्रशियन फौज फ्रान्समध्ये घुसली, तेव्हा त्री या गावी तो घरीच होता. गावचा नगराध्यक्ष या नात्याने शत्रूच्या अधिकाऱ्यांशी त्यांच्याच भाषेत बोलून त्याने गावाला शक्य तेवढे वाचविले. मुत्सद्दी म्हणून त्याचे हे काम मला त्याच्या कित्येक खलित्यांहून मोलाचे वाटते. १८७२ पासून स्टॉकहोम, आणि १८७७ मध्ये सक्तीची निवृत्ती. पत्नीशी फारकत झाली, त्रीचे घर विकावे लागले. उतारवयात तो पुतळे घडवू लागला.

याच उत्तरार्धात दोन पुस्तके अशी आली की, ती शेजारी शेजारी ठेवल्यावर हसावे की रडावे कळू नये. १८७४ ची 'कृत्तिका' ही कादंबरी. एक फ्रेंच, एक इंग्रज आणि एक जर्मन असे तीन प्रवासी इटलीतल्या माजोरे सरोवराकाठी भेटतात आणि आपण तिघेही 'राजपुत्र' असल्याचे एकमेकांना सांगतात. हे शब्द 'अरबी सुरस कथां'तील फकिरांचे. अर्थ असा की, गर्दीत न मिसळणारा, मनाने स्वतंत्र असा जो कोणी तो राजपुत्र. येथे कुळ कोठे उरले? तीन देशांचे तिघे केवळ मनाच्या जातीने एक झाले. या वाटेने गोबिनो दोन पावले पुढे जाता, तर आपल्या संतांच्या ओसरीवर येऊन बसला असता.

पण नाही. १८७९ साली त्याने 'ओत्तार यार्ल' या नॉर्वेच्या चाच्याचा इतिहास प्रसिद्ध केला आणि त्यात काय सिद्ध केले, तर आपण स्वतः त्या चाच्याचे वंशज, आणि त्याच्यामार्फत थेट ओडिन देवाचे! बोर्दोच्या कचेऱ्यांतले पूर्वज पुरेनात, म्हणून माणसाने उत्तर समुद्रावरचे चाचे दत्तक घेतले. गॅसकंपनीतल्या त्या एकाकी कारकुनाला कोणीतरी मोठे हवे होते. म्हातारपणी त्याने ते कागदावर घडवून घेतले. १३ ऑक्टोबर १८८२ रोजी प्रवासात असताना तुरीन येथे तो एकटाच वारला. ओडिनच्या वंशजाच्या उशाशी आपले असे कोणीही नव्हते. त्याच्यावर कितीही राग असला, तरी हे वाचून मन विषण्ण होते.

७

विषण्णतेपाशी थांबून मात्र चालणार नाही. कारण लेखक मरतो आणि ग्रंथ चालत राहतो. त्याच्या हयातीतच, १८५६ साली, निबंधाचे एक निवडक अमेरिकन भाषांतर फिलाडेल्फियात निघाले, ते गुलामगिरीच्या समर्थनासाठी. अमेरिकन लोकही संकराने ऱ्हास पावत आहेत हा आपला भाग त्यांनी गाळला, अशी गोबिनोची तक्रार होती! पण जो वस्तरा बाजारात मांडतो, त्याने गिऱ्हाइकाच्या हाताबद्दल तक्रार करून कसे भागेल? शेवटच्या वर्षांत संगीतकार वाग्नरशी त्याची मैत्री जमली. वाग्नरच्या वर्तुळातल्या लुडविग शेमानने १८९४ साली गोबिनो मंडळ काढले आणि निबंध जर्मनमध्ये आणला. टोकव्हिलचे भाकित अक्षरशः खरे ठरले. गोबिनोला ज्यूंविषयी विशेष द्वेष नव्हता, उलट त्यांच्या चिवटपणाचे त्याला कौतुक होते. आणि वंशशुद्धी आता साधेल अशी आशाही त्याला नव्हती. नाझींनी हे सारे सोडून दिले आणि उरलेले उचलले. एवढ्याने गोबिनो नाझी ठरत नाही. पण निर्दोषही ठरत नाही. माणसाला रक्तावरून तोलण्याचा तराजू त्याने तयार करून ठेवला होता; इतरांनी त्यात आपापली वजने टाकली.

त्याला पहिले भरभक्कम उत्तर दिले ते हैतीच्या आंतेनोर फिर्मँ याने. हैती म्हणजे गुलामांनी बंड करून १८०४ साली स्वतंत्र केलेला देश. फिर्मँ पॅरिसच्या मानववंशशास्त्र मंडळाचा सभासद, पुढे आपल्या देशाचा परराष्ट्रमंत्री. गोबिनोच्या मृत्यूनंतर तीनच वर्षांनी, १८८५ मध्ये, त्याने 'मानववंशांची समता' हा जाडजूड ग्रंथ लिहिला. ग्रंथाच्या नावातच उत्तर आहे. पण दीर्घकाळ युरोपने या उत्तराकडे पाहिलेही नाही.

महाराष्ट्राला हा वाद दूरचा नाही. अमेरिकेत गुलामगिरीसाठी गोबिनो राबविला गेला त्यानंतर सतराच वर्षांनी, १८७३ साली, पुण्यात जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' प्रसिद्ध केली आणि ती गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील सज्जनांना अर्पण केली. आर्यांचे श्रेष्ठत्व त्या काळी हवेतच होते. फुल्यांनी तेच शस्त्र उलटे धरले आणि आर्यांना आक्रमक ठरविले. पुढे डॉ. आंबेडकरांनी १९४६ च्या 'शूद्र पूर्वी कोण होते?' या ग्रंथात आर्यवंशाचा सिद्धान्तच तपासून नाकारला. शस्त्र उलटे धरण्यापेक्षा ते म्यानच करणे हा पुढचा टप्पा होय. जातिव्यवस्था म्हणजे शुद्ध रक्ताचा कोट, असे पॅरिसच्या काउंटने म्हटले. त्या कोटाच्या बाहेर ज्यांना ठेवले गेले, त्यांतल्याच एका पंडिताने कोटाचा पायाच खोटा असल्याचे दाखविले.

आपली एक जुनी म्हण आहे : ऋषीचे कूळ आणि नदीचे मूळ विचारू नये. म्हण शहाणी आहे. आपण ती पाळतो का, हे ज्याचे त्याने ठरवावे. हा अंक आपल्या हाती आहे तोवर दिवाळीचे फराळ संपत येतील, तुळशीचे लग्न लागेल, आणि घराघरांतून स्थळांची बोलणी सुरू होतील. मुलाचे शिक्षण, मुलीचा स्वभाव यांच्या आधी कुळी, जात आणि पोटजात विचारली जाईल. तेव्हा गोबिनोच्या निबंधाचा एखादा खंड न वाचताही आपल्या बोलण्यात उतरला असेल.

म्हणून गोबिनो वाळीत टाकू नये. आणि माफही करू नये. त्याचा निबंध माहीत असावा तो रोग ओळखता यावा म्हणून. त्याच्या कथा वाचाव्यात त्या खऱ्या आहेत म्हणून. ज्या माणसाने कचेरीत बसून मानवजातीची प्रतवारी लावली, तोच शिराझच्या गल्लीत आणि मशहदच्या वाटेवर गेल्यावर त्याला माणसेच दिसली : भुकेली, लबाड, प्रेमळ, अभिमानी, आपल्यासारखीच. तो ते कबूल करीना, पण लिहून मात्र ठेवले. लेखकाचे मत आणि लेखकाचे डोळे यांत तंटा पडला, तर वाचकाने डोळ्यांची साक्ष मानावी.